मेंढरांनी मागितलेला रिटेक

पटणार नाही तुम्हाला, आधीच सांगून ठेवतो. दौंडच्या टॉकीजबाहेर आज पोस्टर लागलंय ना, ‘दिग्दर्शन : सायमा तांबोळी’, ते नाव तिथं माझ्या मेंढरांमुळं आलंय.

“आबा, मेंढरांनी पैसा घातला व्हय पिक्चरात?” तिकिटाच्या रांगेत मागं उभ्या असलेल्या पप्पूनं विचारलं.

“गप ऐक.”

सायमा म्हणजे रेल्वे कॉलनीतल्या चांदभाईंची पोरगी. पहाटेची डेमू धरून पुण्याला जायची आन् शूटिंगवर पडेल ते काम करायची. आधी हिरॉइनच्या डोक्यावर छत्री धरली. मग लाइटवाल्यांच्या केबली गुंडाळल्या. मग कॅमेऱ्यापुढं पाटी आपटून क्लॅप द्यायला लागली. डायरेक्टर साहेबांना दर पिक्चरला एकच विचारायची, “सर, एक सीन मला घेऊ द्या.” साहेब म्हणायचे, “पुढच्या पिक्चरला.” असे कितीतरी पुढचे पिक्चर येऊन गेले. चांदभाई म्हणायचे, “बेटा, आता छत्री तरी सोताची घे.”

मग शूटिंग आमच्या शिरूरकडच्या माळावर आलं. शेवटचा सीन असा, की हिरो कळपातून चालत येतो आन् म्हाताऱ्या बापापुढं लांबलचक भाषण करून माफी मागतो. मेंढरं माझी. दोन दिवसांत शिकली ती. क्लॅप वाजला की चालायची, ‘कट’ ऐकलं की बसायची. तिसऱ्या दिवशी हिरोचं भाषण निम्म्यात आलं आन् कुणी ‘कट’ म्हणायच्या आत आमचा पांढरा एडका वळला. त्याच्यामागं सगळा कळप वळला आन् पहिल्या जागेवर जाऊन उभा राहिला.

“म्हंजी?”

“म्हंजी काय? ॲक्टिंग पटली न्हाई त्यास्नी. रिटेक मागत व्हती.”

दर टेकला तेच. शेवटी साहेब भडकले. “आता मेंढरं मला डायरेक्शन शिकवणार?” म्हणाले आन् गाडीत बसून निघून गेले. शिक्रापूरच्या ट्रॅफिकमध्ये अडकले, ते परत आलेच नाहीत. इकडं ऊन उतरत चाललेलं, हिरोला उद्याची सवड नाही, प्रोड्यूसर कपाळाला हात लावून खाली बसलेला.

सायमा पुढं झाली. “मी घेते सीन. बिघडला तर पिक्चरात माझं नाव लावू नका, आन् पुन्हा बोलवू बी नका.”

आता ऐका. मी हळूच तिच्या कानात सांगितलं, “पोरी, भाषणच काढून टाक.” तिनं हिरोला तसंच सांगितलं. क्लॅप वाजला. कळप चालला. मागं राहिलेलं एक कोकरू हिरोनं उचललं, बापाच्या हातात दिलं आन् मान खाली घालून उभा राहिला. एक मेंढरू वळलं नाही. सायमा ‘कट’ म्हणाली, तशी सगळी खाली बसली. प्रोड्यूसर डोळे पुसत म्हणाला, “पुढचा पिक्चर तुझा.” सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मेंढरांना वाटलं क्लॅप झाला. उठली आन् थेट हायवेपर्यंत गेली.

“खोटं हाय,” बायकांच्या रांगेतून आमची कारभारीण रतनबाई म्हणाली. तिकिटं तिच्या हातात होती. “अवो, तवा तुम्ही मुतखड्यापायी दवाखान्यात पडला व्हता. मेंढरं म्या नेलती.”

“म्हंजी रिटेकचं बी खोटं?” पप्पू म्हणाला.

“न्हाई, मेंढरं वळली त्ये खरं हाय. पन कानात कुनी काय सांगितलं न्हाई. पोरीनं तिच्या डोक्यानं केलं.”