पत्र्याची खोली

जिलानीनं राजीनामा दिला होता, पण साहेबांनी तो ड्रॉवरमध्ये टाकून ठेवला होता. "सोमवारी दहाला चॅनेलच्या ऑफिसात दिसलास तर हा फाडतो. नाही तर दुसरा माणूस घेतो." आज शनिवार. तान्ह्या अर्शियाला खांद्यावर टाकून त्याची बायको फरीदा नांदेडहून लातूरला त्याच्या मागोमाग आली होती. कॅमेरा, लाइट, एडिटिंग असं बारा वर्षं केलेलं काम सोडून हा माणूस नेमकं काय करून राहिला, ते तिला डोळ्यांनी बघायचं होतं.

त्याला माहितीपट करायचा होता, कस्तुराबाईंवर. त्र्याण्णवच्या भूकंपात त्यांची दोन्ही लेकरं गेली. पुढं त्या लातूरला आल्या अन् क्लासच्या मुलींना भाड्यानं खोल्या अन् जेवणाचा डबा देऊ लागल्या. दर तीस सप्टेंबरला जिलानी चॅनेलचा कॅमेरा घेऊन त्यांच्या दारात उभा राहायचा.

आजही कॅमेरा लागला. कस्तुराबाईंनी पदर सारखा केला, लेकरांचा फोटो छातीशी धरला, "त्या पहाटं समदं गेलं बघा," म्हणून डोळ्याला पदर लावला. वीस सेकंदांत गप्प.

"झालं. घ्या कापून."

"मावशी, आज कापायचं नाही. बोला ना अजून."

"अजून काय बोलू? थोडक्यात सांगा म्हणून तुम्हीच शिकवलं की. फोटो बी तुम्हीच धरायला लावला. पहिल्या साली मी न्हाई म्हणत होते."

जिलानीचं तोंड उतरलं. फरीदा आठवडाभर त्याच्यावर धुसफुसत होती, पण त्याला असं बघून ती त्याच्या शेजारी, कॅमेऱ्यापाशी येऊन उभी राहिली.

कस्तुराबाई फोटो ठेवून डब्यांची कणीक मळायला बसल्या. तेवढ्यात अहमदपूरच्या वर्षाराणी नावाच्या बाई लेकीसाठी खोली बघायला आल्या. आता काही उपयोग नाही म्हणून जिलानीचा हात कॅमेरा बंद करायला गेला. फरीदानं मनगट धरलं.

"राहू द्या ना."

वर्षाराणी वर बघत होत्या. "अगं बाई, पत्रा? समोर स्लॅब हाय, कूलर हाय. मे महिन्यात पोरगी भाजून निघंल की."

"दुपारची बसवीन माझ्या ओसरीत."

"एवढ्या पोरी ठेवता, स्लॅब टाकून घ्या की."

"टाकणार न्हाई."

"का ओ?"

कस्तुराबाईंनी पिठाचे हात पुसले. "माझ्या लेकरांवर मातीचं माळवद कोसळलं. गळू नये म्हणून दर साली पावसाच्या आधी वर चढून माती टाकायची. मीच टाकायची, ह्याच हातानं. दीड हात थर झाला हुता." डोळे कोरडे होते. त्यांनी पत्र्याकडं बोट केलं. "ह्यो पडला तर पोर उठून तरी बसंल. पटत नसंल तर समोर जावा, मला राग न्हाई."

फरीदाचा तळहात नकळत अर्शियाच्या टाळूवर गेला.

वर्षाराणी हातातली पिशवी खाली ठेवत म्हणाल्या, "डब्यात भाजी कोणती असती?"

"मावशी," जिलानी चाचरत पुढं झाला, "कॅमेरा चालूच होता. ठेवू का हे?"

कस्तुराबाई पुन्हा कणकेकडं वळल्या. "ठेवा. पण त्याला फोटो नका लावू."

"आणि तुम्ही, ताई?" त्यानं वर्षाराणींना विचारलं.

"ठेवा की. पण सांगायचं तरी, केस तरी बांधले असते!"

बाहेर आल्यावर फरीदा म्हणाली, "अजी, साहेबांना फोन लावा. सोमवारी येत नाही म्हणा."

"नक्की?"

"नक्की काय, छातीत धडधडून राहिलंय. लावा लवकर, न्हाई तर माझंच मन फिरंल."