खुशालरावची ओळख

नत्थुजी भोळा होता, पण मूर्ख नव्हता, हे आधीच सांगून ठेवलेलं बरं. पुढे जे झालं त्यावरून अख्ख्या गावानं त्याला मूर्खात काढलं, आणि त्यातला एकही जण त्या कचेरीची पायरी चढलेला नव्हता.

गाव अकोटजवळचं. गोवर्धन आणि खुशालराव या भावांची वाटणी झाली, तेव्हा बांधावर दगड रोवणाऱ्यांपैकी आता एकटा नत्थुजी जिवंत होता. गोवर्धन वारला. तिकडे समुद्रापार कुठंशी लढाई जुंपली, इकडे कापसाला सोन्याचा भाव आला, आणि खुशालरावला एकाएकी आठवलं की वाटणी कधी झालीच नव्हती! भावजयीचं वावर तो आपलं म्हणू लागला. पण गोवर्धनची विधवा मनकर्णा गप्प बसणारी बाई नव्हती. तिनं अकोल्याच्या कोर्टात दावा लावला. तिची सगळी भिस्त नत्थुजीच्या साक्षीवर होती.

दावा चालू असतानाच खुशालरावनं ते वावर अमरावतीच्या एका व्यापाऱ्याला विकायला काढलं. खरेदीखत अकोल्याच्या नव्या कचेरीत नोंदवायचं होतं, आणि तिथं विकणाऱ्याला ओळखणारा गावचा माणूस लागे. हा पठ्ठ्या थेट नत्थुजीच्याच दारात आला.

"मीच खुशालराव आहो, एवढंच सांग. खोटं थोडंच बोलाचं आहे तुले?"

नत्थुजी मनातून हरखला. गावात पाच पंचांसमोर एकदा बोललेलं सगळ्यांना बांधून ठेवी. कोर्ट आणि कचेरी तर एकाच आवारात, सरकारही एकच. इथं बोललं की तिथं पोचलंच, असं त्यानं धरलं आणि मुकाट्यानं खुशालरावच्या दमणीत, त्या हलक्या बैलगाडीत, बसला.

"या इसमाला ओळखता का?" अंमलदारानं विचारलं.

"ओळखतो ना, सायेब. हा खुशालराव. पण ह्या वावराचा दावा चालू आहे, अन् वावर मनकर्णावयनीचं आहे!"

व्यापाऱ्याचा चेहरा पडला. खुशालराव आढ्याकडे बघत राहिला. अंमलदारानं मान डोलावली, कारकुनानं लिहिलं आणि कागद पुढे सरकवला. नत्थुजीनं सहीच्या जागी, सगळे कुणबी काढत तशी, नांगराची निशाणी काढली. त्याचा ऊर भरून आला होता.

"दाव्याचं लिवून घेतलं ना, सायेब?"

"ते कोर्टात सांगा, बाबा. वावर कुणाचं ते इथं पाहत नाहीत. माणूस तोच आहे का, एवढंच पाहतात. तुम्ही ओळख दिलीत, ती लिहिली."

"मंग मायी निशाणी पुसा."

"दस्तावरची निशाणी पुसत नसतात."

बाहेर आल्यावर खुशालरावनं त्याच्या खांद्यावर हात ठेवला. नत्थुजीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्यानं तो हात झटकला आणि गावाची वाट पायीच धरली.

घरीसुद्धा न जाता तो मनकर्णाकडे गेला आणि काही न लपवता सगळं सांगितलं. दुसऱ्याच दिवशी निघून ती अकोल्याला वकिलाकडे जाऊन आली. नत्थुजी तिला वावरात भेटला तेव्हा वेचणी चालू होती.

"काय म्हनते वकील?"

"म्हनते, नोंदलं म्हून दावा मरत नाई. ज्यानं वावर घेतलं त्यानं दावाबी घेतला."

नत्थुजीच्या जिवात जीव आला. "मंग मी साक्षीले कवा येऊ, वयनी?"

मनकर्णाचे हात थांबले. "तुमी येऊ नका, भाऊजी. समोरचा वकील इचारन, वावर वयनीचं होतं तं इकतानी निशाणी काहून केली?"

"मी बोललो होतो ना तिथं! सायबासमोर बोललो!"

"आयकलं कोनं?"

ऐकणाऱ्यांत खुशालराव होता, व्यापारी होता, आणि ज्यांनी ते लिहिलंच नाही ते दोघे होते. नत्थुजी तिथंच सरीत बसला.

"मंग वाटनीचं कोन सांगन, वयनी?"

मनकर्णानं बोंडातला कापूस ओढून ओटीत टाकला.

"कोनी नाई," ती म्हणाली.