उसना आवाज

मालगुंडच्या सखाराम मयेकरांनी बरेच सिनेमे केले, पण लोकांच्या लक्षात राहिलं ते एकच वाक्य. जुना, काळ्या-पांढऱ्या जमान्यातला तमाशापट होता तो. सखाराम त्यात सावकाराचा उजवा हात. विहिरीच्या कठड्यावर पाय रोवून ते म्हणतात, "पाटील, ह्या विहिरीचं पानी आता तुमास्नी गोड लागायचं न्हाई." बस, एवढंच. पण त्या खर्जातल्या आवाजाने थेटरं दणाणून सोडली होती, आणि अजूनही गावातली पोरं मोबाइलवर ते वाक्य लावून एकमेकांना दम देतात.

तो आवाज सखारामांचा नव्हता. कोकणी हेल काढणारा गुंड घाटावरच्या गोष्टीत कसा खपणार? दिग्दर्शकाने तोंडावर सांगितलं होतं, "चेहरा झकास आहे तुझा. बोलू मात्र नकोस." ओठ हलवले सखारामांनी, आवाज दिला स्टुडिओतल्या दुसऱ्याच कुणी. मग तीच रीत पडली. दरोडेखोर, फौजदार, हमाल, काहीही असो, ओठ यांचे आणि गळा भलत्याचा. पुढे सिनेमे रंगीत झाले, चेहऱ्याचीही गरज उरली नाही, आणि सखाराम गावी येऊन नारळ-सुपारीच्या मागे लागले. आवाजाचं खरं त्यांनी कुणाला सांगितलं नाही, बायकोलासुद्धा नाही. लाज वाटायची, दुसरं काय.

यंदा गावच्या मंडळाने माघी गणपतीत त्यांचा सत्कार ठरवला. मंडळाचा नितेश आमंत्रण द्यायला आला आणि जाता जाता म्हणाला, "आबा, तो डायलॉग तेवढा मारायचा हां स्टेजवर."

आजवर असल्या आग्रहाला ते घसा बसल्याचं निमित्त सांगत. या खेपेस हो म्हणाले. डोळे मिटण्याआधी एकदा तरी, निदान आपल्या माणसांत, ते वाक्य आपल्या गळ्यातून निघावं असं त्यांना फार वाटत होतं. माडांना पाणी लावताना ते पुटपुटत राहिले. घाटावरची नक्कल करायची नाही, जीभ वळते तसंच म्हणायचं, हेही त्यांनी मनाशी ठरवून टाकलं.

सत्काराला मांडव भरला होता. शाल झाली, नारळ झाला, भाषणं झाली. सखारामांनी माइक हातात घेतला आणि वाक्य म्हटलं. बारीक, नाकातल्या आवाजात, हेल काढून, अख्खं गाव बोलतं तसंच.

मांडवात खसखस पिकली. मागून कुणीतरी विचारलं, "आबा, ह्यो कुठला डायलॉग?" ज्यांच्या तोंडी जन्मापासून तोच हेल, ती माणसं पोट धरून हसत होती.

नितेशने घाईघाईने माइक काढून घेतला. "वय झालंय आबांचं, आवाज नाय ऱ्हायला आता," असं लोकांना सांगून त्याने सिनेमातलं वाक्य स्पीकरवर लावायला सांगितलं आणि सखारामांच्या कानाशी कुजबुजला, "आबा, नुसते ओठ हलवा."

सखारामांनी ओठ हलवले. एक अक्षर मागेपुढे झालं नाही. शिट्ट्यांनी मांडव डोक्यावर घेतला, आणि सखारामांना स्वतःची किळस आली.

सकाळी पत्नी मालनबाई पडवीत तांदूळ निवडत होत्या. सखाराम समोर जाऊन बसले. आता लपवण्यात अर्थ नव्हता.

"काल आधी बोललो ना, तो माझा आवाज. सिनेमातला माझा नव्हेच. कधीच नव्हता."

"म्हायत हाय," मालनबाई सूप हलवत म्हणाल्या.

"कधीपासून?"

"लग्न झालं तेव्हापासून. तो सिनेमा बघूनच होकार दिलेला मी. मग तुम्ही तोंड उघडलंत."

"आणि कधी बोलली नाहीस ती?"

"बोलून काय आवाज बदलणार होता?"

सखारामांनी सुपातला एक खडा वेचून अंगणात टाकला. मग त्यांनी हळूच विचारलं, "काल तरी बरा वाटला काय?"

मालनबाईंनी वर पाहिलं नाही. "खोटं कशाला सांगू," त्या म्हणाल्या. "लोक हसले, तशी मीपण हसले."