संत लूकाच्या चेहऱ्यावरचा अंगठा

मित्रांनो, मी एक जुनी पोथी आहे, आणि त्याच्या आधी मी बकरी होते. एक कसली, अख्खा कळप होते. ग्रीस देशात डोंगरावर चरायचे. मग आमची कातडी सोलली, चुन्यात भिजवली, चौकटीवर ताणून घासली आणि त्यावर एका मठातल्या साधूनं ग्रीक भाषेत येशूची शुभवर्तमानं लिहिली. आता हजारेक वर्षं झाली त्याला. साधू कधीच मेला. त्याचा खोकला मला अजून ऐकू येतो.

हसू नका. माझ्यात माणसं राहतात. मठात लोक यायचे, माझ्या पानावरच्या, शुभवर्तमान लिहिणाऱ्या संत लूकाच्या चित्राला ओठ लावायचे. इतके ओठ लागले की बिचाऱ्याचा चेहराच गेला, एक डोळा तेवढा उरला. ज्यानं ज्यानं ओठ लावले, तो तिथं थोडा थोडा राहिला. ती जागा गेली तर तीही सगळी जातील. मला दुसरी कसली भीती नाही.

मग गेल्या शतकात लढाई आली. गाव पेटलं, मठ पेटला. एका बाईनं मला आगीतून ओढून काढलं, लूकाला ओठ लावले आणि आपल्या पोरीच्या हातात दिलं. म्हणाली, पळ, मी धाकट्याला घेऊन येते. ती आली नाही. मी मात्र तिला घेऊनच फिरत होते, त्या पानावर.

ती पोर म्हणजे एव्दोकिया. टोरांटोला आली, म्हातारी झाली, डोळे गेले. तिच्या बेसमेंटमध्ये वसईची माणसं भाड्यानं राहायची. रिटा, तिचा नवरा सिरील आणि लेक व्हिव्हियन. रिटा म्हातारीचं सगळं करायची, आंघोळीपासून जेवणापर्यंत. एक दिवस म्हातारीनं मला तिच्या हातात दिलं. "यू कीप. मदर मेरीजवळ. मी मरताना वर आण. मामाला किस करायचं." मामा म्हणजे तिची आई, त्या पानावरची.

रिटानं मला मेणबत्तीशेजारी फळीवर ठेवलं. पलीकडेच फर्नेस, घर गरम ठेवणारी भट्टी.

दोन हजार तीनचा विंटर. बाहेर बर्फ, आत भट्टीची कोरडी हवा. कातडं सुकलं की त्याला आपलं जुनं अंग आठवतं बघा. माझी पानं आपसूक उठायला लागली, वाकायला लागली, बकरीच्या पाठीसारखी.

"मॉम! द बुक इज ब्रीदिंग!" व्हिव्हियन किंचाळली.

"काय तरीच तुझं," रिटा म्हणाली. पण जवळ आली तेव्हा तिनं छातीवर क्रूस केला.

"अगं, थंडीनं फुटलंय ते," सिरील म्हणाला. "माझ्या टाचा बघ, तशीच गत."

टाचा फुटल्या की रिटाचं औषध एकच. रविवारी चर्चमधल्या मिसावरून आलं की खोबरेल तेल कोमट करायचं. सिरीलच्या टाचा, पोरीची कोपरं, वरच्या म्हातारीचे हात. त्या रविवारी माझाही नंबर लागला.

"पुस्तकाला तेल?" सिरील म्हणाला. "वेणी पण घाल आता."

"गप बसा हो. कातडंच ना ते? आपल्यासारखंच."

तिनं कोयत्याच्या जुन्या खुणेचा अंगठा तेलात बुडवला आणि लूकाच्या चेहऱ्यावर दाबला. तेल आत शिरलं. तिथलं कातडं काचेसारखं आरपार झालं, शेवटचा डोळा वाहून गेला आणि चेहऱ्याच्या जागी पानामागची अक्षरं उलटी वर आली.

"येशू मारिया! म्हातारीची आई होती तिथं!" रिटा ओरडली.

ईस्टरच्या आधीच वरून हाक आली. रिटानं मला छातीशी धरून नेलं. जिना चढताना तिचं काळीज मला कळत होतं. "आजी, मी तेल लावलं. पान खराब झालं. तुमची आई..."

म्हातारीनं तोंड जवळ आणलं. वास घेतला. ओठ टेकले. कडक झालेलं कातडं मऊ झालं होतं.

"सॉफ्ट," ती म्हणाली. "लाइक मामाज चीक." मग तिचा श्वास थांबला. तेव्हापासून तीही माझ्यातच आहे.

पुढं तिच्या पुतण्यानं मला एका लायब्ररीला देऊन टाकलं. पेटी, अंधार, मोजूनमापून हवा. पानं उठत नाहीत. कोणी ओठ लावत नाही. आतली माणसं मात्र कुजबुजतात. मला वाटतं, त्यांना थंडी वाजते.

बऱ्याच वर्षांनी एक दिवस मार्गरेट नावाच्या बाईनं मला टेबलावर घेतलं. ती जुनी पुस्तकं दुरुस्त करते. दिवा लावला, औषधाची बाटली उघडली, कापूस काढला. तेलाचा डाग काढायचा होता. मी ओरडले. पोथीचं कोण ऐकतं?

तेवढ्यात दारात एक मुलगी आली. अंगात बापाचा मोठा कोट. व्हिव्हियन. आईनं तेल लावलेलं पान बघायला परवानगी काढून आली होती. रिटा त्याच वर्षी कॅन्सरनं गेली होती.

"जस्ट इन टाइम," मार्गरेट म्हणाली. "धिस स्टेन इज कमिंग आउट टुडे." आणि पान दिव्यासमोर उभं धरलं.

उजेड आरपार आला. डागात अंगठा होता. रेघ न् रेघ, मधे कोयत्यानं कापल्याची खूण. खवट झालेल्या खोबरेलाचा वास सुटला.

व्हिव्हियननं आयुष्यभर आईला इंग्लिशमध्येच उत्तर दिलं होतं. ती वाकली आणि बोबड्या मराठीत हळूच म्हणाली, "आई, तू इथं आहेस?"

मार्गरेटला भाषा कळली नाही. तिनं कापूस खाली ठेवला. मग तिनं बाटलीला बूच लावलं.

तर मित्रांनो, मला तेल लावू नका. भट्टीजवळ ठेवू नका. हात धुवून, हळू उघडा. पण जुन्या वस्तूवर डाग दिसला, तर पुसायच्या आधी एकदा विचारा, इथं कोण आहे?

आणि थोडं थांबा. आम्हाला उत्तर द्यायला वेळ लागतो.