पडद्यावरचा डावा हात

शिनेमातल्या हबशी मुलाने फळ्यावर डाव्या हाताने लिहिले, असे देवला सांगत होता. वर्गातल्या बाकी सगळ्यांनी त्याच दिवशी, त्याच तंबूत, तोच मुलगा उजव्या हाताने लिहिताना पाहिला होता.

“लबाड बोलून राह्यला, गुरुजी,” पुढच्या रांगेतला जगदेव म्हणाला. “आमी सारे काय आंधळे हावो?”

भगवंतराव मास्तर नागपूरला पदार्थविज्ञान शिकून शिरपूरच्या शाळेत आले होते. यात्रेतल्या तंबूवाल्याला सांगून हा मूकपट त्यांनीच मुलांना दाखवला होता. गोरी मुले आधी हबशी मुलाजवळ बसायला नाक मुरडतात, शेवटी त्याला ओढून आपल्या बाकावर घेतात. त्या वेळी हा वर्ग टाळ्या पिटत उठला होता; जगदेवने तर टोपीने डोळे पुसले होते.

खोटे बोलणाऱ्याचे नाव शाळेतून कमी, हा नियमही मास्तरांचाच. महारवाड्यातून येणारा एकटा देवला रोजच्यासारखा उंबऱ्याबाहेर पडवीत होता. आता तो पाटी छातीशी धरून उभा होता.

“नीट आठव. कोणता हात?”

“डावाच, गुरुजी. मीबी डाव्याच हातानं लिवतो. मले वाटलं, आपल्यासारखाच हाये.”

“आणि त्या वर्गाची खिडकी?”

“उजव्या अंगाले.”

वर्ग खदखदून हसला. “डावीकून होती ना बे!”

मास्तर हसले नाहीत. खोटे बोलणारा एखादी गोष्ट उलटी सांगतो. सगळ्याच गोष्टी एकाच नियमाने उलटवीत नाही. तंबूतल्या पडद्याचे पाणी मारलेले पांढरे कापड त्यांना आठवले. त्यातून प्रकाश आरपार जात होता.

“तू बसला कुठे होतास?”

देवलाने जगदेवकडे पाहिले.

“पडद्याच्या मांगं,” जगदेवनेच सांगितले. “आमीच बसवलं त्याले.”

मास्तर त्याच्याकडे वळले. “टाळ्या तूच वाजवल्यास ना रे?”

“तो शिनेमातला होता, गुरुजी.” जगदेवला प्रश्नच कळला नव्हता. “अन् तंबूच्या दाराशी तुमीच तं म्हणले, वर्गात बसता तसेच बसा.”

मास्तरांनी हातातली छडी टेबलावर ठेवली. हात धोतराला पुसला, पुन्हा पुसला.

मुलगा खोटे बोलला नव्हता. पडद्यामागून पाहणाऱ्याला उजवा हात डावा दिसतो. देवला पडद्यामागे होता, कारण वर्गात तो उंबऱ्याबाहेर बसे; आणि उंबऱ्याबाहेरची जागा त्याला मास्तरांनी नेमून दिली होती.