सवयीचा हात

बाईंनी वही-पेन्सिल पुढे केली, तसा अण्णांनी डावा हात चादरीखाली ओढून घेतला.

"अण्णा, लकव्याच्या झटक्याने गेलेला उजवा हात इतक्यात साथ देणार नाही," रोज घरी येऊन व्यायाम करून घेणाऱ्या बाई म्हणाल्या. "तोवर यालाच शिकवायचं. काढा बघू बाहेर."

"नको."

अण्णांचा मुलगा पलंगाच्या पायथ्याशी उभा होता. दुकानांच्या पाट्या रंगवणं हा त्याचा धंदा. रंगवायचा डाव्या हाताने, पण शटर अर्धं खाली ओढून. पाठीमागे कुणाची चाहूल लागली की ब्रश आपसूक उजव्या हातात जायचा. पंचेचाळिशी उलटली तरी ते सुटलं नव्हतं.

चार वर्षांचा असताना त्याने पाहुण्यांदेखत डाव्या हाताने चमचा उचलला होता. अण्णांनी तो हात रुमालाने खुर्चीला बांधला. "आता जेव," म्हणाले. कुणीतरी हसलं, मग सगळेच हसले. खुर्चीतच त्याची चड्डी ओली झाली, तेव्हा हसणं थांबलं. ते जास्त वाईट होतं.

"तुम्ही तरी सांगा ना यांना," बाई त्याच्याकडे वळल्या.

अण्णांना आता धड उठून बसताही येत नव्हतं, तरी त्याचे खांदे आक्रसले.

"अण्णा," तो कसाबसा म्हणाला, "मी... मीपण याच हाताने काम करतो. रोज."

आता ओरडा बसणार, म्हणून तो जमिनीकडे बघत राहिला. ओरडा बसला नाही. चादर हलल्याचा आवाज आला.

हात बाहेर आला होता. बाई पेन्सिल बोटांत बसवून द्यायला वाकल्या, पण गरजच पडली नाही. बोटांनी ती बरोबर धरली.

"एक उभी रेघ मारा. वाकडी आली तरी चालेल."

अण्णांनी रेघ मारली नाही. त्यांनी आपलं नाव लिहिलं, आडनावासकट. गोलसर, एका ओळीत. त्यांचं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय, असं आई नेहमी म्हणायची. हे अक्षर घरात कुणीच कधी पाहिलं नव्हतं.

"अरे वा! छुपे रुस्तम निघालात की!" बाई म्हणाल्या.

अण्णांनी दचकून दाराकडे पाहिलं. पेन्सिल झटकन उशीखाली गेली.

"दादा आहेत का बाहेर?" त्यांनी हळूच विचारलं.

दादा म्हणजे अण्णांचे वडील. त्यांना जाऊन तीस वर्षं झाली होती.

बाई काही बोलणार, तेवढ्यात मुलाने त्यांना हाताने थांबवलं. तो बाहेर गेला, पुढची खोली बघितली, स्वयंपाकघरात डोकावला आणि परत आला.

"नाहीत," तो म्हणाला. "मी बघून आलो."

दार त्याने लावलं नाही. तो अण्णांच्या शेजारी, पलंगाच्या कडेवर बसला. अण्णांनी पेन्सिल पुन्हा बाहेर काढायला बराच वेळ घेतला. त्याने घाई केली नाही.