तामसाहेबांची नायिका

ताम वाय-हान याला मी कधी माणसांत मोजलं नाही. हाँगकाँगात, कौलूनच्या सिनेमा स्टुडिओत मी नट्यांचे केस बांधायचे, त्यामुळे हा प्राणी जवळून बघायला मिळाला. ऑपेरात गाऊन नाव कमावलेलं. त्या जोरावर बोलपटांचा नायक झाला. सकाळी बोलावलं तर दुपारी उगवायचा, आपली गाणी उरकायचा आणि चहाघराकडे पसार व्हायचा.

मग नायिकेनं प्रेम करायचं कुणावर? झाडूवर. उभ्या झाडूला तामची टोपी अडकवायची आणि आमच्या नायिकेनं, युन पिक-हानं, त्या टोपीकडे बघून डोळे भरून आणायचे. आणायचीही बिचारी. लहानपणापासून ऑपेरा कंपनीत दासीच्या भूमिका केलेली पोर ती. पेपरात मात्र कौतुक तामच्या प्रेमळ नजरेचं!

प्रत्येक सिनेमात पिक-हा म्हणजे सोसणारी बायको. गुडघ्यांवर इतकी रांगायची की मी तिच्या विजारीला आतून कापडाच्या घड्या शिवून द्यायचे. एकदा ती स्टुडिओच्या मालकांना म्हणाली, "एखाद्या सिनेमात मला उभं राहू द्या की."

"तू उभी राहिलीस तर रडणार कोण? बायका रुमाल घेऊन येतात गं तुझ्यासाठी," मालक हसले.

पुढच्याच सिनेमात खुर्चीत बसलेल्या दारुड्या नवऱ्याचे पाय धरायचे होते. झाडूला पाय कुठले, म्हणून ताम स्वतः बसला होता. तामनं तिला खरोखरची लाथ मारली. कॅमेरा चालू, माइक चालू. पिक-हा उठली, कपडे झटकले.

"आधी तोंड धुऊन ये, वास मारतोय," ती म्हणाली. "आणि आजपासून तुझा भात तूच शिजव."

ती चालायला लागली. ताम आ वासून बघत राहिला. त्याचा आयुष्यातला एकमेव खरा अभिनय तो.

पुन्हा घ्यायला कच्ची फिल्म उरली नव्हती, थिएटर ठरलेलं. सिनेमा तसाच लागला. शाम शुई पोच्या थिएटरात मासळीवाल्या बाकांवर चढून ओरडत होत्या, "बरोब्बर बोललीस, बाई!"

"यापुढे ती असेल तर मी नाही," ताम फणकारला. गर्दी डोळ्यांनी दिसत असूनही मालकांनी पिक-हालाच काढलं. कणा कसला, शिजलेली शेवई होती ती!

छोट्या कंपन्यांत तिनं आणखी थोडे सिनेमे केले. ताठ मानेच्या बायका रंगवल्या, मोलकरणी आणि मास्तरणी. मग जपानी आले. त्या धामधुमीत फिल्म कुठे गेल्या कुणास ठाऊक. एकही उरली नाही. लढाई संपल्यावर तिनं याउ मा तेईत शिवणाचं दुकान टाकलं. मी काजी-बटणं करायला जायचे.

एका दुपारी रेडिओवर ताम बोलायला लागला. "युन पिक-हाला अभिनय मीच शिकवला. रडायचं कसं, तेही मीच."

माझं डोकं भडकलं. "ऐकतेस काय? जा की तिथे, सांग सगळ्यांना!"

पिक-हानं तोंडातला दोरा तोडला. "गळा पार बसलाय गं त्याचा," ती म्हणाली आणि घोड्यांच्या शर्यतीचं वर्णन लावलं.